हात लावताच बदलणारी खोली

आमच्या एकांकिकेत एक यंत्र आहे. गिरणीत फिटर असलेल्या एका माणसानं ते घरच्या घरी बनवलं, अशी कथा आहे. भिंतीवर ठोकलेली तळहाताएवढी पितळी पट्टी, घरात तिला 'ठसा' म्हणतात. ठशावर तळवा दाबायचा आणि मग खोलीतल्या कुठल्याही वस्तूला हात लावायचा. ती वस्तू त्या हाताला जशी आठवते तशी होते. गंजका गज पुन्हा निळा होतो, बाहेर पुन्हा गिरणीचा भोंगा वाजतो. मात्र जी आठवण वापरली, ती त्या हातातून कायमची जाते. फिटर आता हयात नाही. १६० चौरस फुटांची खोली पुनर्विकासात जाणार आहे आणि त्याची मुलगी सामान बांधायला आली आहे. एवढ्यावर नाटक सुरू होतं.

हे रंगमंचावर घडवायचं काम माझ्याकडे आलं, कारण मी इलेक्ट्रॉनिक वजनकाटे दुरुस्त करते. किराणा दुकानातले, सोनारांकडचे, भंगारवाल्यांकडचे मोठे प्लॅटफॉर्म काटे. दिग्दर्शक माझ्या मावसभावाचा मित्र. तो म्हणाला, "ताई, लाइटवाल्यानं हातावर लक्ष ठेवून फेडर ओढायचा, हे मला नकोय. खोलीनं स्वतः उत्तर द्यायला हवं." फेडर म्हणजे दिवा कमी-जास्त करायची सरकती कळ.

आमच्या ग्रुपमधल्या काकांना हे पटलं नव्हतं. त्यांनी छबिलदासच्या काळात, म्हणजे १९७४ नंतर दादरच्या त्या शाळेच्या हॉलमध्ये प्रायोगिक नाटकं भरभरून होत होती तेव्हा, बरंच काम केलं आहे. त्यांचं म्हणणं, नटानं खुर्चीकडे नीट पाहिलं की ती सिंहासन होते, त्याला वायरी कशाला? ते खरंच आहे, आणि तमाशापासून दशावतारापर्यंत आपली सगळी रंगभूमी त्यावर उभी आहे. पण दिग्दर्शकाचं उत्तरही मला पटलं. तो म्हणाला की तिथं प्रेक्षक आणि नट आपसांत ठरवतात आणि वस्तू बदलते. या नाटकात मुलीला स्वतःला ठाऊक नाही की काय होणार आहे. ती घाबरायला हवी, आणि खरी घाबरायला हवी.

तो लालबागचा. त्यानं गणपतीतल्या दोन रांगांचा दाखला दिला. मुखदर्शनाची रांग वेगळी आणि चरणस्पर्शाची, नवसाची रांग वेगळी. नवसाच्या रांगेत माणसं तासन् तास, कधी रात्र-रात्र उभी राहतात. पंढरपुरालाही मुखदर्शन लवकर होतं, तरी वारकरी पदस्पर्शासाठी थांबतो. पाहिल्यानं जे होत नाही ते हात लावल्यानं होतं, हे आपल्याकडे कुणाला समजावून सांगावं लागत नाही. आमच्या यंत्राला हाच आधार होता.

मूळ संहितेत ठसा नव्हता, हातमोजा होता. मुलीनं तो चढवायचा आणि वस्तूंना स्पर्श करायचा. मी हातमोज्याच्या बोटांना तांब्याची पट्टी लावून पाहिली आणि अडचण लगेच कळली. स्पर्श ओळखणारं सर्किट मोजतं कपॅसिटन्स, म्हणजे तांब्याच्या पट्टीजवळ शरीरासारखी विजेचा भार धरून ठेवणारी गोष्ट आली की होणारा फरक. पण हातमोज्याच्या आत बोट सतत आहेच. पट्टीला आतलं बोट एवढं मोठं दिसतं की बाहेर लाकूड आहे, भिंत आहे की काहीच नाही, हे तिला कळत नाही. यंत्र हातात ठेवलं तर ते हातच मोजत बसतं. वस्तूंमध्ये ठेवलं तर वस्तूला हात कळतो. म्हणून आम्ही हातमोजा काढून टाकला आणि खोलीतल्या वस्तूंनाच तारा जोडल्या. दिग्दर्शकाला याचा दुप्पट आनंद झाला, कारण नटीचा उघडा हात आता शेवटच्या रांगेतूनही दिसणार होता.

सामान आणायला ग्रँट रोडला उतरून लॅमिंग्टन रोडला गेले. पाट्यांवर डॉ. दादासाहेब भडकमकर मार्ग असतं, पण तिथं जाणाऱ्या कुणाच्या तोंडी ते नाव नाही. ईएसपी३२ नावाचा छोटा बोर्ड घेतला. त्याच्या दहा पायांवर स्पर्श ओळखायची सोय मुळातच आहे. पायाला तार जोडायची, तार वस्तूला जोडायची, की बोर्ड एक आकडा देत राहतो. हात लावला की आकडा उतरतो. कॉपर टेप आणि बारीक तांब्याची जाळीही घेतली.

हंडा मात्र तांबाकाट्यावरून आणला. पायधुनीजवळच्या त्या बाजारात तांब्यापितळेच्या भांड्यांची दुकानं पिढ्यान् पिढ्या आहेत. आम्हाला जुना, पोचे आलेला, आतून कल्हई केलेला पितळी हंडा हवा होता, आणि मिळाला. त्याला तार जोडणं हेच अवघड काम ठरलं. माझ्या सोल्डरिंग आयर्ननं बोर्डावरचे नाजूक जोड सहज होतात, पण एवढ्या पितळेत त्याची उष्णता पसरून जाते आणि जोड धरतच नाही. शेवटी भांडुपला आमच्याकडे अधूनमधून येणाऱ्या कल्हईवाल्या चाचांना विचारलं. त्यांनी हंडा भट्टीवर धरला, नवसागर टाकला, कथील फिरवलं आणि बुडाशी तांब्याची पट्टी अशी बसवली की ओढून निघेना. कशासाठी ते विचारलं नाही. कल्हईवाले आता फार थोडे राहिले आहेत, त्यांच्या हातचं काम आमच्या नाटकात आहे याचा मला अभिमान वाटतो.

हंड्यात पाणी भरलं की पाणीही यंत्राचा भाग होतं. नळाचं पाणी वीज वाहून नेतं, पितळ तर नेतंच. त्यामुळे हंड्याच्या काठाला हात लावला काय आणि पाण्यात नुसतं बोट बुडवलं काय, सर्किटला दोन्ही सारखंच. हे मी पहिल्यांदा घरी मोरीत करून पाहिलं तेव्हा किती तरी वेळ पाण्यात बोट घालत आणि काढत बसले होते. आकडा खाली, आकडा वर. पाण्याला माझा हात कळत होता.

नटीचा हात पाण्यात म्हटल्यावर घरगुती विजेशी त्या सर्किटचा कुठलाच संबंध नको, हे मी पहिल्या दिवसापासून ठरवलं होतं. त्यामुळे बोर्ड ५ व्होल्टच्या पॉवर बँकवर. तिथून इशारा बिनतारी जातो विंगेतल्या दुसऱ्या बोर्डाकडे, आणि तो डीएमएक्समधून डिमरला हुकूम देतो. डीएमएक्स ही रंगमंचाच्या दिव्यांची भाषा. एका वायरीतून ५१२ चॅनेल सांभाळते आणि १९८६ पासून जगभर तीच वापरात आहे.

पण पॉवर बँक लावल्याबरोबर स्पर्श मंद झाला. टेबलावर, लॅपटॉप चार्जरला जोडलेला असताना, आकडा धाडकन उतरायचा. आता जेमतेम हलत होता. कारण असं की हात लावल्यावर शरीरातून जे जातं त्याला परत यायला वाट लागते. लॅपटॉपमधून ती वाट भिंतीतल्या अर्थिंगला मिळत होती. पॉवर बँक अधांतरी. माणसाच्या शरीराचा जमिनीच्या संदर्भात कपॅसिटन्स साधारण १०० पिकोफॅरड असतो, पण सर्किटलाच जमीन नसेल तर त्याचा उपयोग काय? उपाय निघाला तो पायांतून. खोलीत अंथरलेल्या चटईखाली आम्ही तांब्याची जाळी पसरली आणि ती सर्किटच्या ग्राउंडला जोडली. नटी अनवाणी चटईवर उभी राहिली की तिचे पाय जाळीला आणि हात हंड्याला, असं वर्तुळ पूर्ण होतं. हंड्याखालची जाळी मात्र कापावी लागली आणि हंडा लाकडी पाटावर ठेवावा लागला, नाही तर हंडाच जाळीशी बोलत बसायचा. गजाला, दाराच्या कडीला आणि गोधडीला अशाच तारा. गोधडीच्या आत जाळी शिवली. कापडाच्या थरातून हात कळतो, आणि जाळी मोठी असल्यामुळे हात टेकायच्या थोडं आधीपासूनच कळायला लागतो.

त्या 'थोडं आधी'मुळे नाटक बदललं. सुरुवातीला मी ठरावीक आकड्याखाली गेलं की दिवा लागेल असं ठेवलं होतं. दिवे एलईडीचे 'पार' होते, म्हणजे रंगमंचावरचे झोतदिवे, झटकन पेटायचे. दिग्दर्शक म्हणाला, "बटण दाबल्यासारखं दिसतंय." आणि दिसत होतंच. मग मी मर्यादा काढून टाकली आणि आकड्याबरोबर दिवा चढेल-उतरेल असं केलं. एलईडी परत पाठवून जुने १००० वॅटचे हॅलोजन पार भाड्यानं आणले. त्यांची तार तापायला क्षण लागतो आणि निवायलाही लागतो. आता हात गोधडीकडे जायला लागला की कोपरा हळूहळू पिवळा होतो, टेकला की भरून येतो, उचलला की ओसरतो. बटण दाबणाऱ्याला बटणाकडून काही परत मिळत नाही. या गोधडीनं नटीला परत काही दिलं. तिचा हात आपोआप सावकाश झाला, कुणी सांगावं लागलं नाही.

तालमी परळला एका शाळेच्या वर्गात, संध्याकाळी. जुलै सुरू झाला. ओल्या छत्र्या, ओल्या चपला, फरशीवर पाणी आणि हवेत इतका दमटपणा की चटई हाताला चिकटत होती. आकडे आपोआप सरकायला लागले. संध्याकाळी सातला जो आकडा 'हात नाही' असं सांगायचा, तोच आठ वाजता 'हात आहे' असं सांगायला लागला. कुणी काही न शिवता खोली उजळायची. त्यात डोक्यावरचे पंखे आणि ट्यूबलाइट यांची घरघर तारांमध्ये शिरायची. ती घालवणं सोपं होतं. आपली वीज ५० हर्ट्झची, तिचं एक आवर्तन २० मिलिसेकंदांचं. तेवढ्या काळातल्या आकड्यांची सरासरी घेतली की वर गेलेलं आणि खाली आलेलं एकमेकांत मिटतं.

दमटपणासाठी मी माझ्या धंद्यातली गोष्ट वापरली. वजनकाट्यात झिरो ट्रॅकिंग असतं. पाटावर धूळ बसली, तापमान बदललं, तर काटा तो हळू बदल शून्य म्हणून स्वीकारत जातो. खरं वजन एकदम येतं, म्हणून ते वेगळं ओळखू येतं. तसाच प्रोग्राम लिहिला. बोर्ड सतत आपलं शून्य सरकवत राहतो, पाऊस असो वा नसो. खोली शांत झाली.

आणि एका तालमीत मुलीचं काम करणारी नटी गोधडीवर हात ठेवून आपलं लांब स्वगत बोलत होती. बोलता बोलता कोपरा मंद होत गेला. हात तिथंच होता, पण प्रकाश गेला. कारण उघड होतं. हात बराच वेळ हलला नाही, तेव्हा यंत्रानं त्यालाच शून्य मानलं. मी लॅपटॉपकडे धावले. दिग्दर्शकानं मला थांबवलं आणि नटीला पुढं बोलू दिलं. ती थांबली नाही, पण तिनं हात उचलला आणि पुन्हा ठेवला. उजेड परत आला, पुन्हा ओसरायला लागला. ती पुन्हा उचलून ठेवत राहिली, शेवटी तर अक्षरशः गोधडी चाचपत होती. लेखकानं त्याच रात्री संहितेत ठशाचा नवा नियम लिहिला, की हात धरून ठेवला तर काळ पुन्हा आजचा होतो. आठवण वापरली की जाते, हा नियम त्यानं टेबलाशी बसून सुचवला होता. हा दुसरा नियम खोलीनं दिला आणि माझ्या मते नाटकातला सगळ्यात खरा नियम तोच.

अशी काल्पनिक यंत्रं लिहिणाऱ्यांना मला एवढंच सांगावंसं वाटतं की यंत्राला काय काय जमतं ते लिहायची घाई करू नये. भस्मासुराची गोष्ट ज्याच्या डोक्यावर हात ठेवीन तो भस्म होईल, या वरानं सुरू होते, पण ती लक्षात राहते ती त्याला स्वतःचंही डोकं आहे म्हणून. परीस लोखंडाचं सोनं करतो, पण तांब्याला तो शिवला तर काय, हा प्रश्न पडला की गोष्ट सुरू होते. मर्यादा कुठून तरी आणून चिकटवता येत नाही. ती त्या यंत्राच्या घडणीतून यायला हवी.

आता हंड्याविषयी. नाटकात शेजारीण आहे, त्याच चाळीत वाढलेली, मुलीच्या वयाची. पहिल्या मसुद्यात ती फक्त खोके बांधायला मदत करते. ते काम करणारी नटी एकदा वाचनानंतर म्हणाली, "या घरात लहानपणी मला हंड्याला हात लावू दिला नसता. हे कुणी बोलणार आहे का?" वर्गात कुणी काही बोललं नाही. ती पुढं म्हणाली, "हात लावल्यानं जग बदलणारं यंत्र तुम्ही कल्पनेतलं म्हणून दाखवताय. आमच्याकडे त्याची तारीख आहे. २० मार्च १९२७."

महाडचं चवदार तळं. सार्वजनिक पाणवठे सगळ्यांना खुले करणारा रावबहादूर बोले यांचा ठराव मुंबई कायदेमंडळानं १९२३ सालीच मंजूर केला होता, पण कागदावर खुलं असलेल्या पाण्याला हात लावता येत नव्हता. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी हजारो लोकांसह जाऊन ते पाणी ओंजळीत घेतलं. नंतर सवर्णांनी ते तळं 'शुद्ध' करून घेतलं, आणि मुंबई उच्च न्यायालयात त्या हक्कावर शिक्कामोर्तब व्हायला १९३७ उजाडलं. हे शाळेत वाचलं होतं. पण पाण्यात बोट बुडवून आकडा उतरताना पाहिल्यावर ते वेगळ्याच तऱ्हेनं समजलं.

लेखकानं प्रवेश नव्यानं लिहिला. शेजारीण ठशावर तळवा दाबते आणि हंड्यात हात घालते. मग काय व्हावं? दिग्दर्शकाची कल्पना अशी की काहीच होऊ नये. तिच्या हाताला त्या हंड्याची आठवणच नाही, मग खोली कुठून बदलेल? कल्पना सुरेख होती. पण मला ती करता येत नव्हती. मी सांगितलं, दोघींचे हात सर्किटला सारखेच. हात कुणाचा, हे तारेला कळत नाही. शेजारणीच्या वेळी गप्प बसायचं असेल तर विंगेत एक लपवलेला स्विच लावावा लागेल आणि तो कुणीतरी बंद करावा लागेल.

नटी म्हणाली, "म्हणजे मला वगळायला माणूस बसवावा लागेल."

तो स्विच आम्ही लावला नाही. शेजारीण पाण्यात हात घालते आणि खोली उजळते, जेवढी मुलीच्या हातानं उजळली होती तेवढीच. फरक एवढाच, की जुना भोंगा वाजत नाही, नळावरची गर्दी ऐकू येत नाही. आजचीच खोली, रिकामी, खोक्यांनी भरलेली, पण पूर्ण उजेडात. मुलगी तिच्याकडे बघत राहते. या प्रवेशात संवाद नाहीत. काका, ज्यांना वायरी नको होत्या, तालमीत हा प्रवेश संपल्यावर उठून हंड्यापाशी आले आणि पाट कुठं डुगडुगतोय का ते स्वतः तपासून गेले.

पहिला प्रयोग दादरला झाला. सेट लावायला मोजकाच वेळ मिळतो, त्यात आमच्या तारा. रंगमंच लाकडी, जमिनीपासून उंच, खाली पोकळी. शाळेच्या फरशीवर जुळवलेलं सगळं शून्य बदललं. पण झिरो ट्रॅकिंगला थोडा वेळ शांत ठेवलं की ते स्वतःच जुळतं, म्हणून तिसऱ्या घंटेपर्यंत कुणालाही चटईवर पाय ठेवू दिला नाही. लाइटवाला दादा फेडरवर हात ठेवून तयार होता, बिनतारी इशारा चुकला तर सांभाळून घ्यायला. त्याची गरज पडली नाही. गजाला हात लागला आणि भोंगा वाजला तेव्हा प्रेक्षागृहात मागच्या बाजूला काही वयस्क मंडळी एकदम सरसावून बसल्याचं विंगेतून दिसलं. १८ जानेवारी १९८२ ला गिरणी कामगारांचा संप सुरू झाला, त्यानंतर बहुतेक भोंगे पूर्वीसारखे कधी वाजलेच नाहीत. त्यांना तो आवाज पुन्हा ऐकायला मिळेल असं वाटलं नसणार.

शेवटाकडे ठरवलेलं नसताना एक गोष्ट घडली. शेजारणीचा हात पाण्यात होता आणि मुलीनं जाऊन तिचा दुसरा हात धरला. तालमीत तसं कधी केलं नव्हतं. दोघी अनवाणी, दोघी जाळीवर. सर्किटच्या दृष्टीनं आता एका शरीराऐवजी दोन शरीरं पाण्याला जोडलेली. आकडा मी कधी पाहिला नव्हता इतका खाली गेला, आणि दिवा मी जिथं कमाल धरली होती तिथं जाऊन थांबला. त्याच्या पलीकडे जायची सोयच मी ठेवली नव्हती. समोर दोघी हात धरून उभ्या आणि उजेड जागच्या जागी.

आता ती सोय करते आहे. एका माणसाच्या स्पर्शाला दिवा सत्तर टक्क्यांवर थांबेल आणि उरलेले तीस दोघींसाठी राखून ठेवायचे, असा माझा विचार आहे. दिग्दर्शकाला वाटतं की मग एकेकटीचे प्रवेश फिके पडतील. त्याऐवजी दोघींच्या स्पर्शाला वेगळाच दिवा, खिडकीबाहेरून येणारा, लावावा. लेखक म्हणतो, आधी मला ठरवू दे की त्या दोघी हात का धरतात. रविवारी परळला तालीम आहे, हंडा आणि जाळी घेऊन मी लवकर जाणार आहे.